मागची बाजू नसलेली इमारत

अण्णा सोनकांबळे यांच्या टेबलावर कुठलाही नकाशा आला की ते आधी तो उलटा फिरवत. खालचं वर, वरचं खाली. इमारतीचं पुढचं दार भिंतीवरच्या कॅलेंडरकडे तोंड करून बसायचं आणि संडास-मोरी अण्णांच्या पोटाशी यायची. मग चष्मा कपाळावर चढवून, मुठीवर हनुवटी टेकवून ते दहा-दहा मिनिटं बघत राहायचे. कचेरीत नवा आलेला माणूस पहिल्यांदा समजायचा की या म्हाताऱ्याला दिसत नाही. मीही तसंच समजले होते. तेव्हा ते जेमतेम पंचेचाळीसचे होते, म्हणजे म्हातारा हा शब्दही माझ्या एकविसाव्या वर्षाचा आगाऊपणाच.

लातूर नुकतंच उस्मानाबादेतून वेगळं होऊन जिल्हा झालं होतं. नव्या जिल्ह्याला सगळंच नवं पाहिजे होतं. कचेऱ्या, विश्रामगृहं, दवाखाने, वसतिगृहं. कपाटं आली नव्हती तोवर फायली जमिनीवर मांडून आम्ही कामाला लागलो होतो. आमच्या बांधकाम कचेरीत मी ट्रेसर म्हणून रुजू झाले. ट्रेसरचं काम सोपं: ड्राफ्ट्समनने पेन्सिलीने काढलेल्या नकाशावर ट्रेसिंग कागद अंथरायचा आणि तो शाईने जसाच्या तसा गिरवायचा. त्यावरून मग निळ्या प्रती निघत आणि त्या गवंड्याच्या हातात जात. आपलं डोकं चालवायचं नाही, हीच या कामाची मुख्य पात्रता. अण्णा आमचे हेड ड्राफ्ट्समन. उदगीरकडचे, म्हणून सगळी कचेरी त्यांना अण्णा म्हणायची.

पहिल्याच दिवशी त्यांनी एका विश्रामगृहाचा नकाशा उलटा करून माझ्यापुढे सरकवला आणि विचारलं, "सूर्यवंशी बाई, यात झाडनारी बाई कुठून येती?"

मी पुढच्या दारावर बोट ठेवलं.

"तिथून साहेब येतो. बाई कुठून येती?"

मी शोधलं. मागे न्हाणीघराला बाहेरून एक बारीकसं दार होतं, नकाशात त्याला नावही नव्हतं. इथून येत असेल, मी म्हणाले. पण बाई स्वतः नकाशात कुठेच नाही, असंही वर सांगितलं. मला वाटलं, मी हुशारीने बोलले.

"न्हाई असं न्हाई," अण्णा म्हणाले. "हाय. दाखवली न्हाई."

हे वाक्य मी पुढे त्यांच्या तोंडून शंभरदा ऐकलं असेल. नकाशात जे काढलंय ते सगळ्यांना दिसतं, जे काढलं नाही ते बघायला शिका, हाच त्यांचा एकमेव पाठ होता. दुसरा पाठ त्यांच्याकडे नव्हताच, आणि गंमत म्हणजे दुसऱ्याची गरज मला आजवर पडलेली नाही.

त्या वर्षी दुष्काळ होता. नव्या जिल्ह्यात नळ कमी आणि उद्‌घाटनं जास्त, असं आमचा शिपाई म्हणायचा. गावोगाव खडी फोडायची कामं निघाली होती, आणि त्यातच एका कामात आमच्या वाट्याला मुलींचं वसतिगृह आलं. मुरुडच्या अलीकडे, माझ्या माहेरापासून दीड कोसावर. जागा म्हणजे उघडा खडक. वरून टाइप प्लॅन आला होता. टाइप प्लॅन म्हणजे तयार नमुना. एकदा कुणीतरी काढायचा आणि मग किनवटच्या जंगलापासून उदगीरच्या माळापर्यंत तोच बांधायचा. मधोमध पोर्च, पोर्चमागे अधीक्षिकेचं ऑफिस, दोन्ही बाजूंना खोल्यांचे हात पसरलेले, आणि सगळ्यात मागे स्वयंपाकघर अन् पाण्याची टाकी.

अण्णांनी तो उलटा केला. टाकी पोटाशी आली. या वेळी दहा मिनिटांत भागलं नाही. दुसऱ्या दिवशी ते म्हणाले, जागा बघून येऊ.

मागच्या बाजूला ओढा आणि दगडांची उतरंड होती. तिथे टँकर जाणं शक्यच नव्हतं. टँकर रस्त्यावर थांबणार, आणि पोरी हंडे घेऊन पोर्चला वळसा घालून, ऑफिसला वळसा घालून, अख्खी इमारत पार करून मागे पाणी नेणार. पोर्चखाली मात्र वर्षातून दोनदा एखादी जीप सावलीत उभी राहणार.

त्या दुपारी मी अण्णांना आमच्या घरी नेलं. वडलांनी त्यांना ओसरीवर बसवलं, पाऊसपाण्याचं विचारलं, अगदी आदराने बोलले. आतून आईने चहा पाठवला. वडलांचा चहा कपबशीत आला आणि अण्णांचा स्टीलच्या पेल्यात. तो पेला मी ओळखत होते. लहानपणापासून ओळखत होते आणि कधी बघितला नव्हता. मी मान खाली घातली. अण्णांनी चहा चवीने घेतला, छान झालाय म्हणून आत निरोप दिला आणि पेला विसळून उंबऱ्यापाशी पालथा घातला.

परतताना एसटीत ते एवढंच म्हणाले की सराव म्हणून तुमच्या घराचा नकाशा काढून आणा. मग तिकीट खिशात ठेवत, "आन् तो गिलास कुठल्या कोनाड्यात ऱ्हातो, ते बी दाखवा."

मी रडले, हे सांगायला मला आता लाज वाटत नाही. अण्णांनी टोमणा मारला असता तर परवडलं असतं. त्यांच्या आवाजात टोमणा नव्हता, गृहपाठ देणाऱ्या मास्तरांचा आवाज होता तो. रविवारी घरी जाऊन मी टेप लावला, खोल्या मोजल्या, आणि परसदाराशेजारी, चपलांच्या वर, तो हातभर रुंदीचा कोनाडा शाईने काढला. घराचा सगळा नकाशा त्या कोनाड्याभोवती फिरतोय असं मला दिसायला लागलं: कोण कुठून येतं, कुठवर येतं, कुणाचं काय कुठे ठेवतात. निघण्याआधी मी पेला उचलून घासला आणि मांडणीतल्या बाकीच्या पेल्यांत मिसळून टाकला. आईने पुढे महिनाभर शोधला. सगळे एकाच दुकानातले पेले, तिला तो ओळखू येईना, आणि शेवटी तिने नाद सोडला. माझ्या आयुष्यातलं पहिलं वास्तुशास्त्रीय काम मी हेच समजते.

अण्णा पुन्हा जागेवर गेले ते फक्कीची पिशवी घेऊन. गावाला पाणी घालणाऱ्या टँकरवाल्याला त्यांनी विनंती केली की रस्त्यावरून आत ये आणि मागे न घेता एका दमात वळून बाहेर जा. त्याची चाकं जिथून गेली तिथे अण्णांनी पांढरी रेघ मारली. त्या रेघेच्या आत टाकी, ऐन पोर्चच्या जागी. आणि टाकीमागची लांब भिंत चाकांच्या वळणाला वाट देत तिरकी निघाली. तिच्यामुळे खोल्या तिरक्या झाल्या, मधलं ऑफिस मध्य सोडून एका कडेला गेलं, स्वयंपाकघर टाकीच्या शेजारी, रस्त्याच्या तोंडावर आलं. ओढ्याच्या अंगाला वाचनाची खोली आणि रुंद पायऱ्या. कुठल्याही बाजूने यावं आणि आत शिरावं. आमच्या उपअभियंत्यांनी नकाशा बघून डोकं धरलं, पण दुष्काळी काम ताबडतोब सुरू करायचा हुकूम होता, म्हणून मंजुरीच्या भरवशावर काम लावलं.

आणि इथे मी घोटाळा केला.

ट्रेसिंग करताना ती तिरकी भिंत आली. मला वाटलं, पेन्सिल सरकली. अण्णांचा हात हलला असेल, डोळे थकले असतील. मोठ्या आपुलकीने मी गुण्या लावला, भिंत काटकोनात आणली आणि ठसठशीत शाईने पक्की केली. अण्णांची चूक गुपचूप सुधारली म्हणून दिवसभर खुशीत होते. छापायला देण्याआधी अण्णा प्रत्येक ट्रेसिंग तपासत; हे त्यांनी तपासलं नाही. कारण नंतर कळलं. बाईंचा हात पक्का आहे, म्हणाले होते शिपायाला.

प्रत जागेवर गेली. गवंड्याने दोरी धरली, मजुरांनी आठ दिवस पहारी मारून खडकात पाया खोदला. मी आणि अण्णा गेलो त्या दिवशी मजुरांच्या पिण्याचं पाणी घेऊन टँकर आला, ठरल्या वाटेने वळायला गेला आणि त्याचं मागचं चाक पायाच्या चरात गेलं. टँकर कलंडला नाही, पण झाकणातून पाणी उसळलं आणि खडकावर पसरलं. हातातल्या पाट्या टाकून बाया धावल्या. घमेल्यात, तांब्यात, पदरात पाणी टिपून घ्यायला लागल्या. ते दृश्य मी जन्मात विसरणार नाही.

अण्णांनी प्रत उलगडली, एकदा बघितली आणि माझ्याकडे बघितलं. मी सांगून टाकलं. नोकरी गेली असंच धरून चालले होते.

"तुमचा दोष न्हाई, बाई," ते म्हणाले. "हाताला काटकोनाची सवय हाय. वाकडं दिसलं की हात आपुआप सरळ करतो. मी तपासायला पायजे होतं, मी फजूल भरवसा ठेवला." मग म्हणाले, "हाताला इचारायचं, बाबा, सरळ कुनासाठी?"

उपअभियंत्यांना मात्र आयतंच फावलं. पाया खोदलाच आहे, आता राहू द्या सरळ, टाइप प्लॅनप्रमाणे टाकी मागे घ्या, वर उत्तर द्यायला नको, असं ते म्हणाले. बोलणं व्यवहाराचं होतं. अण्णांचा चेहरा पहिल्यांदा उतरलेला मी बघितला. त्यांनी आयुष्यभर दुसऱ्यांच्या इमारती गिरवल्या होत्या. ही एकच त्यांची स्वतःची होती, आणि ती माझ्या एका रेघेने हातची जात होती.

वाचवलं कौसाबाईने. ती मजुरांची मुकादम, पदर अजून ओलाच होता. ती उपअभियंत्यांना म्हणाली, "साहेब, आमाला तर खांदायचंच हाय. हितं खांदू न्हाईतर तितं. पन ह्या चरापाई रोज पानी सांडनार असंल तर आमी ह्यो न्हाई ठिवू देनार." तिच्यामागे साठेक बाया उभ्या होत्या आणि कुणी हसत नव्हतं. साहेबांनी घड्याळात बघितलं आणि जीपकडे गेले. आम्ही त्याला परवानगी समजलो.

नवा पाया तिरका खोदला गेला. जुन्या चराचा जेवढा तुकडा चाकाच्या वाटेत येत होता तेवढा बुजवला. उरलेला अण्णांनी बुजवू दिला नाही. त्यावर दगडी कट्टा बांधून घेतला, पाणी भरताना पोरींना बसायला. सरळ कट्टा आणि त्याच्यामागून फाकत गेलेली तिरकी भिंत. मी विचारलं, माझी चूक अशी दगडात कशाला मांडून ठेवता? तर म्हणाले, ऱ्हाऊ द्या, सरळ कुठून गेलं असतं ते बी दिसलं पायजे.

भिंती छतापर्यंत आल्या आणि औरंगाबादहून मोठे साहेब पाहणीला आले. करडे, शिस्तीचे, टाइप प्लॅन त्यांच्याच हाताखाली तयार झालेला. त्यांनी हातातला मंजूर नकाशा बघितला, समोरची इमारत बघितली, आणि आमचे उपअभियंते चार पावलं मागे सरकले. पाडायचा शेरा कागदावर यायला एक सही पुरेशी होती.

साहेबांनी विचारलं, टाकी दर्शनी भागात कोणी आणली? पाहुणे आल्यावर त्यांना पहिल्यांदा काय दिसेल?

"पानी दिसंल, साहेब," अण्णा म्हणाले.

साहेबांनी एकदा टाकीकडे बघितलं. मग त्यांनी विचारलं, की मागची बाजू कुठली आहे? कोळसा, खरकटं, झाडलोट, हे सगळं कुठून?

अण्णा हात जोडून उभे होते, पण मान ताठ होती. "मागल्या दाराची मला लहानपनापासनं समदी माहिती हाय, साहेब. आमाला पानी तिथंच मिळायचं, वरून वतलेलं. हिला मागली बाजू न्हाई. तुमी फिरून बगा. सापडली तर मी माज्या हातानं भिंत पाडतो."

आणि साहेब खरंच निघाले. एकटेच. स्वयंपाकघरावरून गेले, खोल्यांवरून गेले, ओढ्याकडच्या पायऱ्यांपाशी थांबले. तिथून वाचनखोलीचं दार त्यांच्याकडे तोंड करून उभं होतं. पुढे गेले. ऑफिसच्या कडेने वळले. जिथे जातील तिथे इमारत त्यांना या म्हणत होती. वळसा पूर्ण करून ते पुन्हा टाकीपाशी आले, तेवढ्यात टँकर आत शिरला, तिरक्या भिंतीच्या कडेकडेने एका दमात वळला आणि टाकीला लागून उभा राहिला. ड्रायव्हरने साहेबांना सलाम ठोकला. साहेब कट्ट्यावर बसले आणि त्यांनी पाणी मागितलं. कौसाबाईने तांब्या भरून दिला. ते घटाघटा प्यायले.

"सुधारित नकाशा म्हणून पाठवा, मी सही करतो," ते उठून म्हणाले. आणि मग, खूश होऊन, "सोनकांबळे, याचाच टाइप प्लॅन करून टाकू. सगळीकडे हाच बांधू."

एवढा मान आमच्या कचेरीत कुणाला मिळाला नव्हता. अण्णा नाही म्हणाले. "दुसऱ्या गावात टँकर दुसरीकडून वळत असंल, साहेब."

साहेब एवढे मोठ्याने हसले की बुजलेले उपअभियंतेही हसायला लागले. उद्‌घाटनाच्या दिवशी फीत कुठे बांधायची यावरून अर्धा तास वाद झाला, कारण पुढचं दार असं कुणालाच सापडेना. शेवटी टाकीच्या नळाला बांधली. तोवर कौसाबाई झाडू घेऊन आत जाऊन आली होती, आणि ती कुठून गेली हे कुणी विचारलं नाही.

अण्णांनी मागे लागून मला पुढे शिकायला लावलं. नोकरी सोडून मी वास्तुकलेची पदवी घेतली आणि नांदेडला एका कॉलेजात शिकवायला लागले. तिथे एकदा मुंबईहून एक विद्वान वास्तुविशारद पारदर्शिका घेऊन आले. विषय होता विरचना. परदेशातल्या फाकलेल्या भिंती, मोडलेले कोपरे, मध्य हरवलेल्या इमारती पडद्यावर येत होत्या. ते समजावून सांगत होते की मध्य आणि कड, पुढचं आणि मागचं, हे काही निसर्गाने दिलेलं नाही. कुणीतरी ठरवलेलं असतं आणि ते ठरवणं इमारत लपवून ठेवते. विरचना ते उघडं पाडते. पोरं भराभरा लिहून घेत होती. मी लिहायची थांबले. हे सगळं माझ्याकडे आधीच होतं, उदगिरी बोलीत.

मी अण्णांना मुद्दाम बोलावलं होतं. निवृत्त होऊन तीन वर्षं झाली होती, पांढरा सदरा घालून ते पहिल्या रांगेत बसले होते. प्रश्न विचारा म्हटल्यावर ते उठले. पडद्यावर एक सुंदर तिरकी भिंत होती.

"ही भिंत कुनासाठी वाकडी हाय, सर?"

पाहुणे प्रामाणिक होते. म्हणाले, भिंत सरळच असली पाहिजे या आपल्या समजुतीला धक्का द्यायला.

"धक्का बसला," अण्णा म्हणाले. "चांगला बसला. आता त्या धक्क्यानं आत कोन आलं?"

पोरं हसली, पण पाहुणे हसले नाहीत. व्याख्यान संपल्यावर ते अण्णांच्या शेजारी येऊन बसले आणि दोन तास उठले नाहीत. वसतिगृहाची गोष्ट त्यांनी दोनदा सांगायला लावली. नकाशा मिळेल का, म्हणाले. अण्णांनी पिशवीतून गुंडाळी काढली. आत दोन प्रती होत्या. एक तिरकी आणि एक माझी, काटकोनातली. इतकी वर्षं त्यांनी ती जपली होती.

"दोनी न्या," अण्णा त्यांना म्हणाले. "एकटी वाकडी भिंत काय सांगनार? सरळीच्या शेजारी ठेवली तर बोलती. आन् ही सरळ आमच्या मॅडमनं काढलेली हाय, तिला बी नाव लावा." त्या दोन प्रती आता मुंबईच्या एका कॉलेजच्या भिंतीवर शेजारीशेजारी लागलेल्या आहेत. खाली दोघांची नावं आहेत. माझी चूक एवढ्या सन्मानाने कुणी मिरवली नसेल.

अण्णा गेले ते मागच्या जूनमध्ये, लातुरात, दुपारच्या झोपेत. अंत्यविधी उरकल्यावर, नांदेडला परतण्याआधी, मी गाडी मुरुडच्या रस्त्याला घ्यायला सांगितली. वसतिगृहापाशी उतरले आणि कट्ट्यावर, माझ्या सरळ रेघेवर, जाऊन बसले. शाळा सुरू व्हायचे दिवस होते. नळावर एक मुलगी बादली भरत होती. रस्त्यावर एसटी थांबली आणि एक नवी मुलगी उतरली, डोक्यावर पत्र्याची पेटी, बरोबर कुणी नाही. ती आत आली, इमारतीकडे बघून थबकली, कुणी रागावेल अशा धास्तीने उभी राहिली आणि हळूच विचारलं, "मागून येऊ का?"

नळावरच्या मुलीने मानही वर केली नाही.

"हितं मागं न्हाईच," ती म्हणाली. "ये की."